माळ ते माड : फुलपाखरांच्या ओळखीच्या नोंदी

९ जून २०२४, रविवार. सोलापूर

मावशीचं काम आज हाती घेतलं. मावशी रेवदंड्याला दिलेली. नारळी-पोफळीचं आगर आहे आणि आगरातल्या दोन खोल्या ती पाहुण्यांना राहायला देते. पाहुण्यांची पोरं दिवसभर फुलपाखरांच्या मागे. "आजी, हे कुठलं?" असं कुणी विचारलं की मावशीला झाडाचं नाव सांगता येतं, पाखराचं नाही. काल फोनवर म्हणाली, "अगं, तू वही घेऊन माळ तुडवत असतेस, मग माझ्या आगराचं पण काहीतरी कर की. कार्डं कर. पोरांच्या हातात देता येतील अशी."

हो म्हटलं. पण मी दहा वर्षं फुलपाखरं बघतेय ती सोलापूरच्या आसपासची : नान्नजचा माळ, हिप्परगा तलावाचा काठ, विजापूर रोडवरचं स्मृती उद्यान, गावाबाहेरचे बांध. आमच्याकडे वर्षाचा पाऊस साडेपाचशे मिलिमीटरच्या आसपास. रायगडच्या किनाऱ्यावर एकट्या जुलैत त्याहून जास्त पडतो. तिथली झाडं वेगळी, म्हणून पाखरंही वेगळी असणार.

ठरलं ते असं : मावशीनं फोनवर फोटो पाठवायचे, मी ओळखायची, भाचीनं चित्रं काढायची. भाची सातवीत आहे, हात चांगला आहे तिचा. कार्डांचे गठ्ठे रंगाप्रमाणे करायचे. पिवळी, पांढरी, निळी, केशरी, काळी.

१६ जून, रविवार

मावशीचे अकरा फोटो आले. सात ओळखता आले, चार नाही. त्या चारांतली तीन "केशरी-काळी" गठ्ठ्यातली. एक तर इतकं लांबून काढलंय की माडाच्या झावळीवर केशरी ठिपका एवढंच दिसतं. मावशीला सांगितलं की वरून एक, बाजूनं एक आणि ज्या झाडावर बसलंय त्या झाडाचा एक, असे तीन फोटो काढायचे. "झाडाचा कशाला?" म्हणाली. मला तरी तेव्हा नीट कुठं सांगता आलं? एवढंच म्हटलं की असू दे.

२३ जून, रविवार

सकाळी साडेआठला भाचीला घेऊन स्मृती उद्यानात. पाऊस होऊन गेलेला, ऊन नुकतं वर आलेलं. ही वेळ सगळ्यात चांगली. रात्रभर गार पडलेलं पाखरू पंख उघडून ऊन खात बसतं, अंग तापल्याशिवाय त्याला नीट उडता येत नाही. साडेदहानंतर तेच पाखरू हाताला लागत नाही.

केशरी-काळ्याचा घोळ आज इथंच सोडवायचा होता, कारण त्यातली दोन आपल्याकडेही आहेत. पहिलं प्लेन टायगर, ज्याला मराठीत बिबळ्या कडवा म्हणतात. रुईवर याची अळी वाढते. रुईच्या चिकातलं विष अळी अंगात साठवते, ते फुलपाखरातही उतरतं, आणि एकदा खाऊन पस्तावलेला पक्षी पुन्हा त्या रंगाच्या वाटेला जात नाही. दुसरं डॅनेड एगफ्लाय, म्हणजे छोटा चांदवा. याचा नर काळाभोर, पंखांवर जांभळी कड असलेले पांढरे चंद्र. मादी मात्र हुबेहूब प्लेन टायगर. तिच्या अंगात विष नाही, नुसता वेष घेतलेला.

भाचीनं विचारलं, "आत्या, मग पक्षीच फसतो तिथं आपण कसं ओळखायचं?"

मागच्या पंखावर बघायचं. प्लेन टायगरच्या मागच्या पंखाच्या मधोमध काळे ठिपके असतात, मादीला तीन, नराला चार. नराचा चौथा ठिपका म्हणजे गंधाची पिशवी. चांदव्याच्या मादीला मधले ठिपके नाहीत, फक्त वरच्या कडेला एक काळा डाग. भाचीनं उद्यानात सहा केशरी पाखरं मोजली. पाच टायगर. सहावं गुलमोहराच्या सावलीत वाफ्यातल्या घोळीच्या अवतीभवती घिरट्या घालत होतं. "हिला एकच डाग आहे," ती कुजबुजली. चांदवाच होती. घोळ ही तिच्या अळीची खाद्यवनस्पती. आपण जी घोळीची भाजी करतो तीच.

घरी येताना मनात आलं की रंगानं गठ्ठे लावले तर ही दोन्ही एकाच गठ्ठ्यात पडतात आणि पोर तिथंच अडकतं. ती ओळखू आली ती एक रुईवर, दुसरी घोळीवर म्हणून.

३० जून, रविवार

पाऊस. बाहेर गेले नाही. गच्चीवरच्या कढीपत्त्यावर लाइम बटरफ्लायची (लिंबाळीची) चार अंडी, मोहरीएवढी, पिवळसर.

७ जुलै, रविवार

कढीपत्त्यावर तीन अळ्या. पक्ष्याची विष्ठा पडल्यासारख्या दिसतात, काळ्या-तपकिरी, मधे पांढरा पट्टा. मोठ्या झाल्या की हिरव्या होतील. एकीला काडीनं हळूच डिवचलं तर मानेतून नारिंगी दुबेळकं शिंग काढलं आणि लिंबासारखा उग्र वास सोडला. चौथ्या अंड्याचं काय झालं कळलं नाही.

१७ जुलै, बुधवार. आषाढी एकादशी

मंडईत सकाळी वाघाटी आलेली. उद्या द्वादशीचा उपास सोडताना वाघाट्याची भाजी हवीच, आमच्या घरी ते चुकत नाही. टोपलीवाल्या आजींना विचारलं, कुठून आणली. म्हणाल्या, "मोहोळच्या पुढं, ओढ्याच्या कडंला. काटं लई बाई." किलो, अर्धा किलो कुणी घेत नाही, शकुनाला चार-पाच फळं. मी दहा घेतली, आणि ओढ्याचा पत्ताही घेतला.

२१ जुलै, रविवार

मोहोळच्या पुढचा ओढा सापडला. वाघाटीचा वेल एका बाभळीवर चढलेला, वाकड्या काट्यांनी धरून. दीड तास तिथंच बसले. या दीड तासानं माझी पुढची दिशा ठरली, म्हणून सविस्तर लिहिते.

आधी पांढरी आली, पंखांवर काळ्या शिरांची जाळी. पायोनियर. मग पिवळं ऑरेंज टिप, पुढच्या पंखाच्या टोकाला नारिंगी पट्टा. मग पांढरं ऑरेंज टिप. तिन्ही वेगळ्या जातींची, पण एकाच वेलाच्या कोवळ्या शेंड्यांशी लगट करणारी. एक मादी पानावर उतरली, पुढच्या पायांनी पान बडवलं, पोटाचं टोक वाकवलं, एक अंडं ठेवून उडाली. पान बडवणं म्हणजे चव घेणं. फुलपाखराला पायांनी चव कळते.

वाघाटीचं पान मी ओळखते, म्हणून एक कोवळं पान चुरगळून हुंगलं आणि जिभेच्या टोकाला लावलं. मोहरीसारखा झणका लागला. वाघाटी, पिलू (मिसवाकच्या काड्यांचं झाड), मोहरी, मुळा, कोबी या सगळ्यांत हा झणका देणारी रसायनं असतात. किड्यांनी खाऊ नये म्हणून झाडानं केलेली ही सोय. पण पांढऱ्या-पिवळ्या फुलपाखरांच्या घराण्यानं ती पचवायला शिकून घेतली, आणि आता त्याच झणक्यावरून त्यांतल्या बऱ्याच जाती आपलं झाड शोधतात. बाकीच्यांना जे नको तेच यांचं अंगण.

अनोळखी पान कधीही तोंडात घालू नये, हे कार्डावर ठळक लिहायचं. रुईचा चीक डोळ्यात गेला तर डोळ्याला इजा होते, तेही.

४ ऑगस्ट, रविवार

रंगाचे गठ्ठे मोडले. भाची आधी रुसली, कारण तिनं पिवळ्या गठ्ठ्याचं वेष्टणही रंगवून ठेवलं होतं. मग तिलाच पटलं. आता गठ्ठे झाडांच्या वासावरून.

पहिला चिकाचा : रुई, हरणदोडी, कण्हेर, वड, उंबर. इथं टायगर आणि क्रो. दुसरा लिंबाच्या वासाचा : लिंबू, कढीपत्ता, बेल, पपनस. इथं लाइम, कॉमन मॉर्मन आणि आपल्या राज्याचं फुलपाखरू ब्लू मॉर्मन, म्हणजे राणी पाखरू. २०१५ साली महाराष्ट्रानं त्याला राज्य फुलपाखरू केलं, आणि असं करणारं आपलं पहिलं राज्य. तिसरा मोहरीच्या झणक्याचा. चौथ्यात उरलेली झाडं : गवत, माड, शेंगांची झाडं, बोर, बांडगूळ.

नियमाला फाटे आहेत. पांढऱ्या-पिवळ्या घराण्यातलीच कॉमन एमिग्रंट तरवडावर आणि टाकळ्यावर वाढते, हळदीकुंकू म्हणजे कॉमन जेझबेल बांडगुळावर. त्यांना मोहरीशी देणंघेणं नाही. ती चौथ्या गठ्ठ्यात घातली. मावशी झाडं ओळखते, त्यामुळे तिला हीच मांडणी सोपी पडणार. जूनमध्ये झाडाचा फोटो कशाला म्हणाली होती, आज तिला सांगितलं की सगळ्यात महत्त्वाचा तोच.

११ ऑगस्ट, रविवार

सांगोल्याला चुलतभावाकडे. डाळिंबाची बाग. मी फुलपाखरांच्या मागे हिंडते म्हणून त्यानं बागेतलं एक तपकिरी पाखरू दाखवलं, मादी, पंखावर नारिंगी डाग. "हे तुझं लाडकं माझ्या मुळावर आलंय," म्हणाला. डाळिंबाचं फुलपाखरू ते. कळीवर, कोवळ्या फळावर अंडी घालतं, अळी फळ पोखरून आत शिरते, भोकातून विष्ठा बाहेर येते आणि फळ सडतं. शेतकरी त्या अळीला सुरसा म्हणतात. सोलापूर जिल्ह्यात डाळिंबावर किती घरं चालतात ते मला माहीत आहे. केगावला राष्ट्रीय डाळिंब संशोधन केंद्र २००५ पासून आहे ते त्याच कारणानं. भावाचं म्हणणं मी ऐकून घेतलं. फळांना कागदी पिशव्या बांधायचं काम चाललं होतं, दुपारपर्यंत मीही बांधल्या.

हेही कार्डांत यावं का? रेवदंड्याला डाळिंबाच्या बागा नाहीत. पण फुलपाखराकडे बघताना शेतकऱ्याचं तोंड आठवलं पाहिजे, म्हणून वहीत लिहून ठेवते.

२५ ऑगस्ट, रविवार

पिलूचा शोध लागला. तिसऱ्या गठ्ठ्यासाठी हे झाड हवं होतं आणि मला ते जिवंत कधी भेटलं नव्हतं. विजापूर वेशीत मिसवाकच्या काड्या विकणारे एक चाचा बसतात. त्यांना विचारलं की हे झाड इकडे कुठं आहे का. त्यांनी काडी सोलून माझ्या हातात दिली, "चबाओ, फिर पहचानोगी." तोच झणका. मग भीमेकाठच्या एका गावाचं नाव सांगितलं, चोपण जमिनीच्या बांधावर आहेत म्हणाले.

आज गेले. जमीन पांढरट, मिठाचा थर फुटलेली, पीक नाही. तिथं पिलूची सात-आठ झुडपं, फांद्या लोंबत्या, पानं जाडसर. आणि झुडपांभोवती सालमन अरब. लहानसं पाखरू, रंग भाजलेल्या विटेचा फिका केशरी, कडांना काळी नक्षी. मी एकोणीस मोजली. आतापर्यंत दहा वर्षांत मला दोन दिसली होती, तीही उडताना.

रिकाम्या, खारट, कुणाला नको असलेल्या जमिनीत ही एवढी वस्ती. एका पानाखाली अळ्या होत्या, हिरव्या, पानाच्याच रंगाच्या. बारकाईनं बघितल्याशिवाय दिसत नाहीत. आनंदानं हात थरथरत होता, त्यामुळे पहिले पाच फोटो वाया गेले.

१५ सप्टेंबर, रविवार

मावशीचे फोटो आता तिहेरी येतात, छान. पण आज एक जोड अडली. दोन काळी-तपकिरी पाखरं, दोन्हींच्या पंखांच्या कडेला पांढरे ठिपके. एक कण्हेरीवर, दुसरं दालचिनीच्या कोवळ्या पानांपाशी. मी दोन्ही कॉमन क्रो, म्हणजे हबशी, असं लिहून टाकलं होतं.

मग दालचिनी डोळ्यात आली. क्रोचं दालचिनीशी काय काम? दालचिनीवर कॉमन माइम वाढतं. माइम हे शेपटीवाल्यांच्या घराण्यातलं, लिंबाळी आणि राणी पाखराचं भावकीतलं. ते क्रोचं सोंग घेतं आणि त्याचा दुसरा एक प्रकार ब्लू टायगरचं सोंग घेतो. अंगावरचे पांढरे ठिपकेसुद्धा उचललेले.

सोंग उघडं पाडायचे दोन रस्ते. माइमच्या मागच्या पंखाच्या खालच्या बाजूला कडेनं पिवळे ठिपके असतात, क्रोला पांढरे. दुसरा रस्ता मला जास्त आवडतो : पाय मोजायचे. टायगर, क्रो, चांदवा यांच्या घराण्यात पुढची पायांची जोडी आखडून बारीक झालेली असते, म्हणून बसलेलं पाखरू चार पायांवर दिसतं. शेपटीवाली सहाही पायांवर उभी राहतात. मावशीला फोन केला, "त्या दालचिनीवरच्याचे पाय मोज."

अर्ध्या तासानं परत फोन. "अगं, उडालं होतं, पण पुन्हा आलं. सहा आहेत!"

१८ ऑक्टोबर, शुक्रवार

रात्रीची सिद्धेश्वर एक्सप्रेस. भाचीला सोबत घेतलं, तिच्या आईनं दोन दिवसांचा अभ्यास आधी करून घेतला. पिशवीत : वही, मोजपट्टी, कार्डांचा कच्चा संच (सत्तावीस), शेंगदाण्याची चटणी मावशीसाठी.

१९ ऑक्टोबर, शनिवार. रेवदंडा

सकाळी मुंबई, गेटवेवरून लाँचनं मांडवा. भर समुद्रात, किनारा दिसेनासा झालेला असताना एक पिवळसर पाखरू लाँचच्या बाजूनं पाण्यावर वीतभर उंचीनं सरळ चाललेलं. लेमन एमिग्रंट असावं. एकदाही वळलं नाही. एमिग्रंट म्हणजे स्थलांतर करणारं, ते नाव आज डोळ्यांनी वाचलं.

मांडव्याहून अलिबाग, तिथून एसटीनं रेवदंडा. मावशी फाटकात उभी होती. हात धुवायच्या आधी म्हणाली, "चल, पपनसाजवळ चल."

पपनसावर राणी पाखरू. बारा ते पंधरा सेंटिमीटर पंखांचा विस्तार, मखमली काळा आणि त्यावर आकाशी निळा. सोलापूरात हे आम्हाला कुठून दिसणार! मादी होती, कोवळ्या पानावर अंडं ठेवून गेली. मावशीनं त्या फांदीला सुतळी बांधून खूण केली.

दुपारी आगर. इथं माझी माळावरची सवय उलटी पडते. माळावर लांबून हालचाल दिसते, इथं सावली, ऊन आणि सावलीचेच ठिपके. पोफळीखालच्या अंधारात पामफ्लाय. पंख मिटून बसलं की वाळक्या पानाचा तुकडा. मादीनं पंख उघडले तर केशरी, त्यावर काळ्या शिरा, अगदी स्ट्राइप्ड टायगर! जूनमधला झावळीवरचा केशरी ठिपका हीच होती. मला तेव्हा ती ओळखता आली नव्हती. माड-पोफळीच्या सावलीत, जमिनीपासून हातभर उंचीवर, थोडं उडून पुन्हा सावलीतच बसणारं केशरी दिसलं की आधी पामफ्लाय धरायचं. टायगर उन्हात, उघड्यावर, संथ उडतो. त्याला घाई नसते, कारण त्याला सहसा कुणी खात नाही.

संध्याकाळी मावशीनं माडाच्या पानाची एक गुंडाळी दाखवली. "ही कीड तर आम्ही काढून टाकतो." उलगडली. आत पांढऱ्या मेणाच्या तंतूंनी झाकलेली जाड अळी. जायंट रेडआय. दिवस मावळला की हे उडतं, डोळे माणकासारखे लाल. फुलपाखरू सगळं दिवसाच उडतं असं मी पाहुण्यांसाठीच्या मजकुरात लिहिलं होतं, ते वाक्य आज खोडलं.

२० ऑक्टोबर, रविवार. रेवदंडा

पहाटे किनारा. वाळूच्या वरच्या अंगाला खुळखुळ्याची झुडपं, शेंगा वाळायला लागलेल्या. त्यावर तीसेक पाखरं एकमेकांना ढकलत : क्रो, ब्लू टायगर, डार्क ब्लू टायगर. जवळजवळ सगळे नर. खुळखुळ्याच्या जखमी पानांतून, वाळल्या शेंगांतून ते कडवट रस ओढतात आणि त्यापासून मादीला बोलावायचा गंध तयार करतात. इतकी गुंग होती की भाची हातभर अंतरावर बसून चित्र काढत होती. चार पाय, चार पाय, चार पाय, असं स्वतःशीच मोजत.

मग काका, मावशीचे यजमान, म्हणाले, "खाजणाकडे जाऊ या का? तिथं फुलपाखरं नसतात म्हणा, नुसता चिखल." ते खाडीच्या बाजूला घेऊन गेले. कुंडलिकेची खाडी, तिवरांची रांग, मारांडीचे काटे, मधे जुना बांध. बांधावरून चालताना मी थांबलेच. लोंबत्या फांद्या, जाडसर पानं. पान चुरगळलं. मोहरी.

"काका, हे झाड?"

"हे होय, खाकण. लहानपणी आम्ही याची फळं खायचो, तिखट-गोड. आता बांध साफ करायचाय दिवाळीनंतर, हे सगळं काढणार आहे."

मी काही बोलायच्या आत भाचीनं बोट दाखवलं. पिलूवर सालमन अरब. एक, मग तीन, मग मोजणं अवघड झालं. भीमेकाठच्या चोपण बांधावरची पाखरं, तीच, इथं खाऱ्या चिखलाच्या कडेला. मधे अख्खा सह्याद्री आहे, तीनशेच्या वर किलोमीटर आहेत, पावसात कितीतरी पटींचा फरक आहे. पण दोन्हीकडे मातीत मीठ आहे, मिठात तगणारं पिलू आहे, आणि पिलू आहे तिथं हे आहे. घाटातल्या दाट रानात ते शोधलं असतं तर जन्मभर मिळालं नसतं.

काकांना समजावून सांगितलं. तुम्ही म्हणता तसं बांधाला मुळांचा त्रास असेल तर तो भाग काढा, पण ही झुडपं कडेची आहेत. त्यांनी ऐकून घेतलं, हो-नाही काही म्हणाले नाहीत.

२१ ऑक्टोबर, सोमवार. रेवदंडा

फणसाड अभयारण्यात अर्धा दिवस. सुपेगावच्या बाजूनं आत गेलो. ओढ्याच्या ओल्या वाळूवर चिखलपान चाललेलं : ब्लूबॉटल, कॉमन जे, एमिग्रंट, सगळे नर, मातीतले क्षार शोषत. कमांडर एका उंच फांदीवरून हद्द राखत होता. क्रिम्झन रोज दोन, आणि त्यांच्या वेषातली कॉमन मॉर्मनची एक मादी. या दोघांत पाय मोजून उपयोग नाही, दोन्ही सहा पायांवर. इथं अंग बघायचं. रोजचं अंग लाल, मॉर्मनचं काळं. हे कार्ड आधीच तयार होतं, पडताळा आज झाला.

दुपारी पावसाची सर, परत फिरलो. रात्रीची गाडी.

३ नोव्हेंबर, रविवार. भाऊबीज

कार्डं पस्तीस झाली. जाड कागदावर छापून घेतली, प्रत्येकावर झाडाचंही चित्र. भाचीचा हट्ट होता की पाखराइतकंच मोठं झाड हवं, तसंच केलं. सोंग घेणाऱ्या जोड्यांना एकाच कार्डाच्या दोन बाजू दिल्या : टायगर-चांदवा, क्रो-माइम, टायगर-पामफ्लाय, रोज-मॉर्मन. भावानं ओवाळणी म्हणून छपाईचे पैसे दिले.

संच कुरिअरनं रेवदंड्याला.

२४ नोव्हेंबर, रविवार

मावशीचा फोन, सकाळी सातला. मला वाटलं काही झालं की काय.

म्हणाली, पुण्याहून आलेल्या एका पाहुण्यांची मुलगी, आठ वर्षांची, दालचिनीखाली तासभर बसली आणि आत येऊन सांगितलं की क्रोला सहा पाय फुटलेत. मग तिनंच कार्ड उलटून पाहिलं.

आणि बांध साफ झाला. काकांनी मधली मुळं काढली, कडेची पिलूची झुडपं ठेवली. मावशी काल संध्याकाळी तिकडे गेली होती, कार्ड हातात धरून एकेक पान उलटलं. एका पानाखाली पाच हिरव्या अळ्या, शेजारी शेजारी.

मी विचारलं, "झाडाचा फोटो काढलास?"

"आधी तोच काढला."